मित्राने सांगितलेले सत्य



आपला मित्र कोण, असे कोणी विचारले तर आपल्या डोळ्यांपुढे काही चेहरे उभे राहतात. ज्यांच्या सहवासात वेळ कसा गेला ते कळत नाही, ज्यांच्याजवळ मन मोकळे करता येते, ज्यांच्या दारात पाऊल ठेवताना संकोच वाटत नाही, अशी ही माणसे. हा आनंद अल्लाहची देणगी आहे आणि इस्लामने तो कधीही कमी लेखलेला नाही. एखाद्या बांधवावर अल्लाहखातर प्रेम असेल तर ते त्याला बोलून दाखवावे, अशी शिकवण प्रेषित मुहम्मद (स.) यांनी दिली आहे. परंतु या प्रश्नाला आणखी एक बाजू आहे. आपले पाऊल चुकत असताना या चेहऱ्यांपैकी कोण आपला हात धरील? आणि त्याने तो धरला, तर त्यानंतरही आपण त्याला मित्र मानू काय?

पवित्र कुरआनने मैत्रीचा विचार परलोकापर्यंत नेला आहे. सूरह जुखरुफच्या 67व्या आयतीचा आशय असा की, त्या दिवशी जिवलग मित्र एकमेकांचे वैरी होतील. केवळ ईशभय बाळगणारे त्याला अपवाद असतील. सूरह फुरकानमध्ये तर अमक्याला आपण मित्र केले नसते तर बरे झाले असते, अशा पश्चात्तापाने स्वतःचेच हात चावणाऱ्या माणसाचे चित्र आहे. येथे थोडे थांबून विचार करावा. जगात ज्यांनी एकमेकांना कधी दुखावले नाही, ते तेथे वैरी का व्हावेत? कारण प्रत्येकाने दुसऱ्याचे घसरणे पाहिले होते, आणि मैत्रीत वितुष्ट नको म्हणून तो गप्प राहिला होता. ते मौन त्या वेळी प्रेमासारखे वाटले. हिशेबाच्या दिवशी त्याचे खरे रूप उघड होईल.

मग खरा मित्र कसा बोलतो? सहीह बुखारीतील एक प्रसंग या प्रश्नाचे उत्तर देतो. प्रेषितांनी (स.) ह. सलमान फारसी (रजि.) आणि ह. अबू दरदा (रजि.) यांच्यात बंधुत्वाचे नाते जोडून दिले होते. एक सत्याच्या शोधात इराणहून निघून, गुलामगिरी सोसून मदीनेत पोहोचलेला. दुसरा मदीनेचाच रहिवासी, अन्सारांपैकी. भाषा वेगळी, देश वेगळा, आयुष्याचा अनुभव वेगळा.

एकदा ह. सलमान (रजि.) आपल्या या भावाला भेटण्यास गेले. घरात उम्मे दरदा (रजि.) अगदी साध्या, निगा न राखलेल्या वेशात दिसल्या. त्यांनी कारण विचारले. तुमच्या भावाला या जगाचे काही उरलेलेच नाही, असे उत्तर त्यांना मिळाले. इतक्यात ह. अबू दरदा (रजि.) आले. त्यांनी पाहुण्यापुढे जेवण ठेवले आणि आपला रोजा असल्याचे सांगितले. तुम्ही जेवल्याखेरीज मी घास घेणार नाही, असे ह. सलमान (रजि.) म्हणाले. तो रोजा नफल होता. यजमानाने तो सोडला आणि दोघे बरोबर जेवले. रात्री यजमान नमाजसाठी उठू लागले, तेव्हा पाहुण्याने त्यांना झोपण्यास सांगितले. काही वेळाने ते पुन्हा उठू लागले. पुन्हा तेच सांगणे. रात्रीचा शेवटचा प्रहर आला तेव्हा मात्र ह. सलमान (रजि.) यांनीच त्यांना उठविले आणि दोघांनी नमाज अदा केली. त्यानंतर ते म्हणाले की, तुमच्या पालनकर्त्याचा तुमच्यावर हक्क आहे, तुमच्या जिवाचा हक्क आहे, तुमच्या घरच्यांचाही हक्क आहे. ज्याचा त्याचा हक्क द्या. ह. अबू दरदा (रजि.) यांनी ही हकीकत प्रेषितांना (स.) सांगितली. सलमानचे म्हणणे खरे आहे, असा निर्वाळा त्यांनी दिला.

वाचकहो, येथे मित्राने मित्राला कोणत्याही पापापासून रोखलेले नाही. रोजा आणि रात्रीची नमाज यांहून चांगली कृत्ये कोणती? तरीही त्या चांगुलपणाच्या भाराखाली एका पत्नीचा हक्क दबला जात होता. वाईट कामाबद्दल टोकणारे पुष्कळ भेटतात. सगळे जग ज्या गोष्टीची वाहवा करीत आहे, तिच्यातील उणीव दाखविण्यासाठी मात्र मित्रच लागतो.

सांगण्याची रीतही पाहावी. ह. सलमान (रजि.) यांनी दारातूनच उपदेश सुरू केला नाही. ते घरात आले, त्यांनी पाहिले, विचारपूस केली, एका ताटावर जेवले, एका छताखाली रात्र काढली. नमाजची योग्य वेळ होताच ते स्वतः सोबत उभे राहिले. बोलले ते सर्वांत शेवटी, आणि तेही दोघेच असताना. ऐकणाऱ्याचे मोठेपणही कमी नाही. आपल्या उपासनेत कोणी ढवळाढवळ केली म्हणून ह. अबू दरदा (रजि.) रागावले नाहीत. त्यांनी घास घेतला, अंथरुणावर परत गेले आणि मग सर्वांत विश्वसनीय ठिकाणी जाऊन खरे काय ते जाणून घेतले.

कोणी म्हणेल, बांधवाचे दोष झाकण्याचीही शिकवण आहेच ना? निश्चितच आहे. जो दुसऱ्याचा दोष झाकतो त्याचा दोष अल्लाह झाकतो, अशा आशयाची हदीस आहे. पण झाकायचे ते लोकांपासून. ज्याचा दोष आहे त्याच्यापासून झाकून काय साधणार? श्रद्धावंताला श्रद्धावंताचा आरसा म्हटले गेले आहे. आरसा समोर उभे राहणाऱ्याला त्याचा डाग दाखवितो, जितका आहे तितकाच दाखवितो, आणि तो माणूस निघून गेल्यावर दुसऱ्या कोणाला दाखविण्यासाठी तो डाग जपून ठेवीत नाही. आपण पुष्कळदा नेमके उलट करतो. समोर गोड बोलतो आणि पाठीमागे चार जणांत त्याचीच चर्चा करतो. याला मैत्री म्हणत नाहीत. ही गीबत आहे.

त्या दोघांची मैत्री एका रात्रीपुरती नव्हती. पुढे ह. अबू दरदा (रजि.) शामच्या भूमीत काजी झाले आणि ह. सलमान (रजि.) इराकमध्ये राहिले. इमाम मालिक यांच्या मुवत्तात त्यांच्या पत्रव्यवहाराची नोंद आहे. या पवित्र भूमीत निघून या, असे ह. अबू दरदा (रजि.) यांनी लिहिले. भूमी कोणाला पवित्र करीत नाही, माणसाला त्याची कर्मेच पवित्र करतात, असे उत्तर आले. शिवाय, तुम्हाला लोकांचे वैद्य नेमले आहे असे कळते, तर न जाणता उपचार करून कोणाचा जीव घेऊ नका, असाही इशारा न्यायदानाला अनुलक्षून होता. त्यानंतर निवाडा ऐकून वादी-प्रतिवादी निघाले की ह. अबू दरदा (रजि.) त्यांना माघारी बोलावीत आणि त्यांचे म्हणणे पुन्हा ऐकून घेत. मित्र शेकडो कोस दूर होता. त्याचे शब्द मात्र न्यायासनाजवळ उभे होते. मैत्रीचा सर्वांत टिकाऊ आनंद हाच आहे. आपल्या भल्याची काळजी वाहणारे कोणी आहे, या जाणिवेने माणूस एकटा राहत नाही.

आता आपल्या घराकडे वळू या. मुलीच्या लग्नासाठी एखादा बांधव ऐपतीबाहेर कर्ज काढतो, तेव्हा आपण मांडवाची तारीफ करून परततो. एखादा समाजकार्यात इतका गुंतलेला असतो की मुले त्याची वाट पाहून झोपी जातात, आणि आपण त्याच्या त्यागाचे गोडवे गातो. भावाभावांच्या वाटणीत मित्राने बहिणीचा वाटा दाबलेला आपल्याला ठाऊक असतो, आणि घरचा मामला म्हणून आपण विषय बदलतो. अशा वेळी एकांतात, नम्रतेने, त्याच्या मदतीची तयारी ठेवून एक वाक्य बोलणे हा त्याचा आपल्यावरील हक्क आहे. कदाचित तो काही दिवस रुसेल. ते रुसणे सोसावे. उद्याच्या वैरापेक्षा ते फार हलके आहे.

आणि उद्या आपल्याच दारात कोणी सलमान येऊन उभा राहिला, तर त्याला घरात घ्यावे, त्याच्याबरोबर दोन घास खावेत आणि तो काय म्हणतो ते शेवटपर्यंत ऐकून घ्यावे.

हे अल्लाह! आम्हाला सत्य सांगणारे मित्र दे, ते ऐकून घेणारे हृदय दे, आणि आमच्या मैत्रीला त्या दिवशी वैरात बदलण्यापासून वाचव. आमीन.