लोड जातो कुठे?

आमच्या गल्लीतल्या पिठाच्या गिरणीला १० हॉर्सपॉवरची मोटर आहे. खटका ओढला की आधी काही क्षण गिरणी रिकामी फिरते. आवाज वरच्या पट्टीतला, जरा उथळ. मग गिरणीवाले काका वर ज्वारी ओततात, खालची झडप बोटभर सरकवतात, आणि दाणे दोन दगडांच्या मध्ये उतरले की तोच आवाज एकदम खाली येतो, दाट होतो. भिंतीवरच्या मीटरचा काटा ६ अँपिअरवरून १४च्या आसपास जातो. काका पट्ट्याकडे एक नजर टाकतात आणि म्हणतात, "घेतला लोड." मध्यंतरी मोटर जळून रिवाइंडिंगला गेली होती, तेव्हापासून या दोन शब्दांतलं समाधान जरा वाढलंय.

परवा हे चाललेलं असताना माझ्या मागे दळणाचा डबा घेऊन उभा असलेला मुलगा फोनवर मित्राला सांगत होता, "लोड नको घेऊ भावा, होतंय सगळं." मित्राची बहुधा परीक्षा असावी. दोघांच्या बोलण्यात एकच शब्द आणि एकच क्रियापद. काकांना लोड घेतला म्हणून बरं वाटत होतं, आणि हा मित्राला तो घेऊच नको म्हणत होता.

कारागिराच्या तोंडी लोड घेणं ही नेहमीच पात्रता असते. "चढावर गाडी लोड घेत नाही" ही गॅरेजमध्ये सांगायची तक्रार आहे. बोअरवेलवरचा पंप नुसता गुणगुणतो आणि पाणी येत नाही, तेव्हाही "मोटर लोड घेत नाहीये" असंच म्हणतात. कॉलेजच्या कट्ट्यावर मात्र लोड घेणारा तो बावळट.

आणि हा इंग्रजी शब्द येण्याआधीही हा उच्चार आपल्याकडे होताच की. गाण्याच्या बैठकीत, सावकाराच्या पेढीवर, लग्नातल्या व्याह्यांच्या पंगतीमागे गादीवर ठेवलेला गोल लांबट लोड. माझ्या आजोबांना कोणी "लोड घ्या" म्हटलं असतं तर ते आरामात रेलून बसले असते.

इंग्रजी लोड आपल्याकडे यंत्राबरोबर आला आणि ज्या ज्या धंद्यात गेला तिथला झाला. कळंबोलीच्या किंवा निगडीच्या ट्रकतळावर उभ्या असलेल्या ड्रायव्हरला विचारा. त्याचा लोड म्हणजे रोजीरोटी. "लोड मिळाला का?" हा तिथला नमस्कार. माल पोचवून रिकामी गाडी परत आणायची म्हणजे डिझेल आणि टोल पदरचा, म्हणून दोन दोन दिवस रिटर्न लोडची वाट पाहत माणसं गाडीखाली सावलीला झोपतात. त्याला कोणी "लोड घेऊ नकोस" म्हटलं तर तो शिवी समजेल.

मिळाला की मग जास्तच भरण्याचा मोह. २०१८ साली केंद्र सरकारने ट्रकची वजनमर्यादा वाढवली. दोन ॲक्सलच्या गाडीला १६.२ टनांऐवजी १८.५ टन, गाडीच्या स्वतःच्या वजनासकट. वाहतूकदारांना दिलासा मिळाला. पण अमेरिकेत इलिनॉय राज्यात १९५८ ते १९६० या काळात मुद्दाम बांधलेल्या रस्त्यांवरून ट्रक फिरवून एक मोठी चाचणी झाली होती. तिच्यातून निघालेला ढोबळ नियम असा, की रस्त्याची झीज ॲक्सलवरच्या भाराच्या चौथ्या घाताने वाढते. ॲक्सलवरचा भार दुप्पट केला तर झीज सोळापट. १० टक्केच जास्त भरला तरी झीज जवळपास दीडपट. मालकाला वाटतं गाडीने लोड घेतला. घेतला रस्त्याने, आणि त्याची डागडुजी तुमच्या-माझ्या करातून.

हा लोड पुढे कोणाकडे गेला, हा प्रश्न मला शिकवला तो आमच्या सोसायटीच्या दुरुस्तीसाठी आलेल्या एका स्ट्रक्चरल इंजिनिअरने. गच्चीवर पाण्याची आणखी एक टाकी बसवायची होती. आम्ही सगळे म्हणत होतो, हजार लिटरचीच तर आहे. तो म्हणाला, "म्हणजे एक टन. ठेवा. फक्त मला हे सांगा, की तो टन जमिनीपर्यंत जाणार कुठून?" मग त्याने माझ्याकडच्या बिलाच्या पाठीवर रेघा मारल्या. स्लॅब, स्लॅबखालचा बीम, बीमखालचा कॉलम, कॉलमखालचा फुटिंग, आणि खाली मुरूम. याला त्यांच्याकडे लोड पाथ म्हणतात, भाराची वाट. वाट मध्येच तुटली, म्हणजे कॉलमच्या जागी कोणी तळमजल्यावर दुकानाचं शटर बसवलेलं असलं, तर लोड तिथे थांबत नाही. तो दुसरी वाट शोधतो, आणि त्या दुसऱ्या वाटेची तयारी नसते.

त्याच रेघांच्या कडेला त्याने दोन आकडे लिहिले. पाच इंची स्लॅबचं स्वतःचं वजन चौरस मीटरला ३०० किलोच्या वर. आणि घरातली माणसं, पलंग, कपाटं, पाहुणे या सगळ्यांसाठी आपल्याकडच्या मानकात धरलेला भार चौरस मीटरला सुमारे २०० किलो. पहिल्याला डेड लोड म्हणतात, दुसऱ्याला लाइव्ह लोड. म्हणजे आपण नाचलो-बागडलो त्याहून जास्त श्रम ती इमारत स्वतःलाच उचलून धरण्यात करत असते. (गोदरेजचं कपाटही जिवंत भारात मोडतं, हे मला त्या दिवशी कळलं. कपाटाने इतकी वर्षं ते कधी जाणवू दिलं नव्हतं.)

टाकी शेवटी बसली, पण आम्ही ठरवलेल्या जागी नाही, कॉलमच्या डोक्यावर.

इंजिनिअरच्या लोडला अशी नेहमी दोन शेपटं असतात: किती, आणि कुठून कुठे. ती दोन्ही गळून पडली की उरतो तो कट्ट्यावरचा लोड. त्याचं मोजमाप नाही, त्याला वाट नाही. तो घ्यायचा किंवा नाही घ्यायचा, एवढंच. शब्द धंद्यातून रस्त्यावर आला की सैल होतो, त्यात वावगं काही नाही. भाषा तशीच वाढते. माझी तक्रार वेगळी आहे. त्या सैलपणाचा सोयीने उपयोग करता येतो.

लोडशेडिंगच घ्या. महाराष्ट्रात २००५ नंतरची काही वर्षं ज्यांनी काढली त्यांना या शब्दाचा अर्थ विचारायची गरज नाही. पण त्याचं तंत्र सरळ आहे. आपल्या विजेची वारंवारता सेकंदाला ५० आवर्तनं. मागणी निर्मितीच्या पुढे गेली की जनित्रं दमतात, वारंवारता घसरते, आणि फार घसरली तर एकामागून एक सगळी केंद्रं स्वतःला वाचवायला ग्रिडमधून बाहेर पडतात. मग सगळीकडेच अंधार. २०१२च्या जुलैत शेवटच्या दोन दिवशी उत्तर भारतात तेच झालं. ३१ तारखेला तर ६० कोटींच्या आसपास वस्तीचा प्रदेश अंधारात गेला. पश्चिमेचं ग्रिड वेगळं झालं आणि महाराष्ट्र वाचला. हे टाळायला आधीच थोडा भार तोडायचा, कोणाची तरी लाइन बंद करायची, हे लोडशेडिंग. इंग्रजी शब्द तसा प्रामाणिक आहे. शेड करणं म्हणजे गाळणं, झाडाने पानं गाळावीत तसं. काहीतरी खाली पडलंय हे त्यात कबूल आहे.

आपण त्याला प्रतिशब्द दिला भारनियमन. शब्द देखणा आहे, त्याचा घाट संस्कृत आहे, आणि त्यात कोणीच खाली पडत नाही. नुसतं नियमन होतं, जसं वाहतुकीचं होतं, मोर्चाचं होतं. आमच्या गावाकडे मात्र तो शब्द वर्तमानपत्रातच राहिला. बायाबापड्याही "लोडशेडिंग चालू झालं" असंच म्हणत. या लोडलाही वाट होतीच. शहरातल्या फीडरवरून जो उचलला तो शेतकऱ्याच्या रात्रीवर जाऊन पडला. थ्री फेज रात्रीची आली की माणूस बॅटरी घेऊन बारे द्यायला निघणार. पायाखाली सरपटणारं काय आहे ते दिसत नाही, आणि जुन्नरसारख्या भागात उसात बिबट्या. ग्रिडचा लोड कमी झाला हे खरंच होतं. तो कोणाकडे गेला, ते त्या नियमनाच्या वेळापत्रकात नीट वाचलं तर दिसत असे.

भार हा आपला शब्दही काही कमी फिरलेला नाही. धातू भृ, वाहून नेणं, सांभाळणं. त्यातूनच भर्ता आणि भार्या. पदभार स्वीकारतात, भारदस्त दिसतात, कोणाच्या बोलण्याने भारावून जातात. कोणी उपकार केला की आपण आभार मानतो, म्हणजे त्या शब्दातही डोक्यावर काहीतरी ठेवल्याची कबुली आहेच. इंग्रजीत ओझ्यासाठीचा बर्डन याच मुळाचा, आपल्या भाराचा दूरचा भाऊ.

लोडची कुळी निराळी. जुन्या इंग्रजीत त्याचा अर्थ ओझं नव्हताच. अर्थ होता वाट, मार्ग, प्रवास. वाटेने न्यायचं म्हणून नेणं, आणि नेणं म्हणून नेलेलं ओझं, असा तो शतकानुशतकं घसरत आला. जुना अर्थ अजून दोन शब्दांत जिवंत आहे. ध्रुवताऱ्याला लोडस्टार म्हणतात, वाट दाखवणारा तारा, आणि चुंबकाच्या दगडाला लोडस्टोन, खलाशांना वाट दाखवणारा दगड. त्या इंजिनिअरला हे ठाऊक नसावं. पण बिलाच्या पाठीवर त्याने मारलेल्या रेघा म्हणजे या शब्दाचा पहिला अर्थ होता.

अशीच गंमत चार्जची. तो लॅटिनमधल्या गाडीवरून आला. गाडीत माल भरणं ते चार्ज. विजेच्या चार्जला आपल्या पाठ्यपुस्तकांनी प्रभार म्हटलं तेव्हा नकळत मूळच धरलं. इटालियनमध्ये त्याच क्रियापदाचं रूप कारिकारे, जास्तीचं लादणं, आणि त्यातून कॅरिकेचर. व्यंगचित्रकार नाकावर जरा जास्त लोड टाकतो, एवढंच.

संगणकवाल्यांचा लोड मी इथे फार उकरत नाही. बारावीच्या निकालाच्या दुपारी शेजारची मुलगी म्हणाली होती, "सर्व्हरवर लोड आहे ना, म्हणून पेज लोड होत नाहीये." एका वाक्यात दोन लोड, एक ओझं आणि एक भरणं, आणि तिला कुठेही अडखळायला झालं नाही.

यंत्रांबद्दल एक गोष्ट मात्र सांगायलाच हवी. डीसी सीरिज नावाची एक मोटर असते. मुंबईच्या जुन्या लोकल १९२५पासून कित्येक दशकं याच जातीच्या मोटरींवर धावल्या. ती लोडशिवाय कधीही चालू करायची नाही, हा पहिला धडा. लोड नसला की तिचा वेग वाढतच जातो, आणि शेवटी ती स्वतःलाच फोडून घेते. यातून माणसाविषयी सुविचार काढायचा मोह होतो, तो मी आवरतो.

माणसाचा लोडही काहींनी मोजायला घेतलाच आहे. जॉन स्वेलर यांनी १९८८ साली शिकणाऱ्याच्या डोक्यावरच्या लोडबद्दल लिहिलं: नवी गोष्ट धरून ठेवायची आपली जागा फार लहान आहे, आणि फळा नको त्या गोष्टींनी भरला की शिकायला उरत नाही. त्याआधी १९८४ साली फ्रान्समध्ये समाजशास्त्रज्ञ मोनिक एको यांनी बायकांच्या डोक्यातल्या घराबद्दल लिहिलं. नोकरीवर असतानाही जे घर डोक्यात चालू राहतं त्याबद्दल. तीच कल्पना २०१७ साली एमा नावाच्या चित्रकर्तीने चित्रमालिकेतून मांडली आणि ती जगभर फिरली. त्या चित्रमालिकेचं नाव "तुम्ही सांगायला हवं होतं" अशा अर्थाचं. नवरा म्हणतो, सांगितलं असतंस तर केलं असतं. पण काय सांगायचं हे लक्षात ठेवणं हेच तर काम. फ्रेंचमध्ये याला म्हणतात शार्ज माँताल. पुन्हा तोच गाडीत माल भरणारा चार्ज. इंग्रजीत मेंटल लोड.

हा लोड कपाटासारखा आहे, जिवंत असून दिसत नाही. दूध संपतंय, शाळेची फी १०च्या आत भरायची आहे, सासूबाईंच्या गोळ्या शुक्रवारपर्यंतच्याच उरल्यात, ज्वारी दळून आणायची आहे. यातली शेवटची गोष्ट मी करतो, आणि त्यावर बरीच वर्षं मी घरात लोड घेतो असं समजत होतो. डबा कधी रिकामा होतो हे माझ्या कधी लक्षात आलं नाही. मला तो भरलेला हातात मिळायचा.

त्या दिवशी गिरणीतून आलो तर बायको फोनवर दोन ठिकाणी एकदम बोलत होती. मी पिठाचा डबा ओट्यावर ठेवला आणि, रांगेत ऐकलेलं तोंडात होतंच, म्हणून गेलो, "अगं, एवढा लोड नको घेऊस."

"बरं," ती म्हणाली. "गॅसचा नंबर लावलास?"

नंबर लावलेला नव्हता. तेव्हापासून ते काम माझ्याकडे आहे. गेल्या खेपेला विसरलो.