आणखी एक गेम घालण्याआधी

हे मनन वाचता वाचता करायचं आहे, आणि सावकाश. सुट्टीच्या दिवशी, दुपारची जेवणं आटोपून घर निवांत झालं की बसा. समोर ते छोटं व्हिडिओ गेमचं यंत्र ठेवा, निन्टेंडोचं एनईएस क्लासिक, २०१६ च्या नोव्हेंबरात बाजारात आलेलं. सेगाचं किंवा सोनीचं छोटं यंत्र असेल तरी हरकत नाही, पण मी पहिल्याबद्दलच बोलणार आहे. टीव्ही बंद राहू द्या. लॅपटॉपही उघडू नका. गेमच्या फाइली उतरवून ठेवल्या असतील, तर त्या कुठं पळून जात नाहीत.

यंत्र तळहातावर घ्या. पुढच्या झाकणाला बोट लावून बघा. ते उघडत नाही. १९८५ च्या मूळ यंत्रात याच झाकणाआड कॅसेट जायची, इथं झाकणाची नुसती रेघ आहे. म्हणजे कॅसेट नाही, ती बदलणं नाही, आणि तिच्यात फुंकर मारणंही नाही.

फुंकरीपाशी थोडं थांबू. पडद्यावर नुसत्या उभ्या-आडव्या पट्ट्या आल्या की कॅसेट उपसायची, तिच्या तोंडाशी जोरात फूं करायचं आणि पुन्हा दाबून बसवायची. हे तुम्हाला कुणी शिकवलं? कुणी शिकवलं नव्हतं, तरी सगळ्यांना येत होतं. खरं तर गेम लागायचा तो कॅसेट दुसऱ्यांदा नीट बसल्यामुळे. फुंकरीतल्या ओलाव्याने आतल्या धातूच्या पट्ट्या उलट खराब व्हायच्या. पण आत्ता तो हिशेब नको. एक श्वास पोटभर घ्या आणि ओठ तसेच गोल करून सोडा. आणखी एकदा. ज्या मुलाचा तो श्वास होता, त्याच्यासाठी आज आपण या यंत्रात गेम घालणार आहोत.

आता आत काय आहे ते आठवा. तीस गेम. मारिओचे तीन भाग, झेल्डाचे दोन, डाँकी काँग, पॅकमॅन, मेट्रॉइड, मेगा मॅन, किर्बी. यादी निवडणाऱ्यांनी मन लावून निवडलेली आहे, त्यात वाद नाही. पण ती वाचताना आपल्याकडचा माणूस हळूहळू गप्प होत जातो. काँट्रा नाही, त्याच्या जागी त्याचा पुढचा भाग ‘सुपर सी’ आहे. रणगाड्यांचा तो गेम, बॅटल सिटी, नाही. सर्कस चार्ली नाही, रोड फायटर नाही. बदकं मारायचा डक हंट नाही. बॅटल सिटी आणि सर्कस चार्ली त्या काळात अमेरिकेच्या बाजारात मूळ यंत्रासाठी आलेच नव्हते, मग तिथल्या लोकांना त्यांची आठवण कशी असणार? ही तीस नावं म्हणजे ओहायोतल्या मुलाचं बालपण आहे. मुंबईतल्या अँटॉप हिलच्या मुलाचं बालपण जपानी साच्याच्या नकली यंत्रांवर गेलं. कुणाकडे मीडिया, कुणाकडे मायक्रो जीनियस, आणि लॅमिंग्टन रोडवरून किंवा मनीष मार्केटातून आणलेल्या पिवळ्या-लाल कॅसेटी. यंत्राचं नाव काही असो, घरात त्याला ‘व्हिडिओ गेम’ म्हणायचे आणि कंट्रोलरला ‘रिमोट’.

तेव्हा आणखी गेम घालावेसे वाटणं ही नुसती हाव नाही. एवढं मनाशी मान्य करा. तुम्ही यादी वाढवत नाही आहात, ती दुरुस्त करता आहात. अर्थात, जी दुरुस्ती सातशे गेमवर जाऊन थांबते तिला दुरुस्ती म्हणायचं का, तेही बघू.

आता मनाने अँटॉप हिलला चला. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांची ती मोठी वसाहत, सेक्टरांनी विभागलेली, एकसारख्या इमारतींची. आयकर, कस्टम्स, टपाल, तार, नाना खात्यांची माणसं. एका जिन्यात मराठी, तमिळ, बंगाली, पंजाबी घरं, आणि जिन्याची भाषा मुंबईची हिंदी. क्वार्टर सरकारचं. भिंतीत खिळा ठोकायचा तर बाबा म्हणायचे, जाताना बुजवून द्यायचंय. बदली झाली की ट्रक यायचा आणि एक अख्खं घर खाली व्हायचं.

तुमचं लहानपण तिथं गेलेलं नसेल. तरी एका जिन्यात उभे राहा, कुठल्याही, आणि प्रत्येक दारामागे कुठला गेम होता ते आठवा. काँट्रा तिसऱ्या मजल्यावर. सर्कस चार्ली समोरच्या इमारतीत. बॅटल सिटी ज्याच्याकडे, त्याची आई दुपारी झोपायची म्हणून आवाज बंद करून खेळायचं. आपल्या घरी नवीन गेम यायचा तो बहुधा अदलाबदलीने, ‘तुझी कॅसेट दोन दिवस दे, माझी घे’, आणि कॅसेटीबरोबर तिचा मालकही यायचा, कारण त्याला आपल्यावर विश्वास नव्हता. तो शेजारी बसायचा, कुठली भिंत फोडली की आत काय निघतं ते सांगायचा, आणि आपण आउट झालो की रिमोट हिसकावून घ्यायचा. बदलीचा ट्रक आला की कॅसेट गेली आणि तोही गेला. त्याच्याबरोबर एक गेम यादीतून कमी व्हायचा. यादीची लांबी त्या काळी माणसांवर ठरायची.

हे चित्र डोळ्यांसमोर असू द्या. मग दुसरं आणा.

‘९९९९९९ इन १’. ही कॅसेट ज्याच्याकडे होती तो आठवडाभर राजा होता. पडद्यावर यादी यायची, पान उलटावं तशी ती सरकत राहायची, आणि शेवट लागायचाच नाही. मग कुणाच्या तरी लक्षात यायचं, की सतरा नंबर आणि एकशे सतरा नंबर एकच आहेत, फक्त दुसऱ्यात मारिओ पुढच्या स्टेजपासून सुरू होतो. पुढचा एक त्याचाच, नुसता रंग बदललेला. चिपमध्ये खरे गेम अगदी थोडे असायचे. बाकीची यादी म्हणजे त्याच गेमना वेगवेगळ्या दारांनी आत जायची सोय. याला फसवणूक म्हणायला हवं, पण मला त्या कॅसेटीचा राग येत नाही. तिने आम्हाला लवकर शिकवलं, की यादी वाचायला लागणारा वेळ हा खेळायच्या वेळातून जातो.

आता खरा हिशेब. सुपर मारिओ ब्रदर्स हा गेम ४० केबीचा आहे. काँट्रा १२८ केबी. बॅटल सिटी, सर्कस चार्ली, रोड फायटर प्रत्येकी २४. बेरीज करा. २४० केबी. तुमच्या मोबाइलमधला एक साधा फोटो याच्या कितीतरी पट असतो. या छोट्या यंत्रात ५१२ एमबीची मेमरी आहे आणि त्यात जादा गेमसाठी साधारण ३०० एमबी मोकळे मिळतात. म्हणजे अँटॉप हिलच्या त्या जिन्याचं सगळं सुख आत टाकलं तरी यंत्राला त्याचा पत्ता लागणार नाही. जागा एवढी उरते, म्हणूनच हात थांबत नाही. पाच घालायला बसलेला माणूस पाचशे घालून उठतो. मग यादी इतकी लांबते की तिचे कप्पे करावे लागतात, कप्प्यांत कप्पे, आणि रात्री अकरा वाजता आपण कप्पे उघडत बसतो.

इथं एक श्वास घ्या. स्वतःला विचारा, आज मला कुठला गेम खेळायचा आहे? एकाच गेमचं नाव. ते येईपर्यंत पुढं वाचू नका.

आलं? मग लॅपटॉप उघडा.

गेम घालायची रीत जगभर माहीत झालेली आहे. २०१७ च्या जानेवारीत ‘क्लस्टर’ या टोपणनावाच्या एका रशियन प्रोग्रॅमरने ‘हॅकची २’ नावाचा प्रोग्रॅम सगळ्यांसाठी खुला केला. यंत्राच्या आत लिनक्स आहे आणि आपण पूर्वी मोबाइलला लावायचो तशाच यूएसबी वायरने ते संगणकाशी बोलू शकतं. वायर जोडायची, रीसेटचं बटण दाबून धरायचं, मग पॉवर चालू करायची, आणि काही सेकंद बोट उचलायचं नाही. टीव्हीवर काही दिसत नाही. ते काही सेकंद मोजू नका, नुसतं दाबून धरा. चालू केलेलं यंत्र असं गप्प असताना हातात धरायची आपल्याला सवय उरलेली नाही.

प्रोग्रॅम पहिलं काम करायला सांगतो ते नवीन गेमचं नसतंच. आत जो मूळ कर्नल आहे, म्हणजे यंत्र ज्याच्यावर चालतं तो गाभा, त्याची प्रत आधी संगणकावर उतरवून घ्यायची. पुढं काही बिघडलं, किंवा यंत्र कुणाला द्यायचं झालं, तर ती प्रत परत चढवायची. हे काम टाळू नका. क्वार्टर ताब्यात घेताना बाबा नळ, पंखे, बटणं एकेक तपासून कागदावर सही करायचे, तोच शहाणपणा आहे हा. दुसऱ्याने बांधलेल्या जागेत आपण राहायला आलो आहोत, एवढं त्या सहीत असायचं.

एक टोचणी इथंच मोकळी करू. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात, हक्काने जवळ असलेल्या प्रोग्रॅमची एक जादा प्रत हरवू-बिघडू नये एवढ्यापुरती ठेवायला मुभा आहे. कुणीतरी चढवलेली फाइल फुकटात उतरवायला नाही. आपलं सगळं बालपण नकली कॅसेटींवर गेलं ही गोष्ट आजची परवानगी होत नाही. जे विकत मिळतं ते विकत घ्या. माझं मत एवढंच आहे, आणि ते सोयीचं नाही हे मला माहीत आहे.

आता डक हंटपाशी या, कारण तो मोह प्रत्येकाला होतो. त्याची फाइल २४ केबीची आहे आणि ती आत घातली तर गेम सुरूही होईल. कुत्रा गवतात उडी मारेल, बदकं फडफडत वर जातील. एकही पडणार नाही. हा गेम टीव्हीवर बंदूक रोखून खेळायचा, आणि त्या बंदुकीतून गोळी म्हणून काही निघतच नव्हतं. चाप ओढला की पडदा एका निमिषापुरता काळा व्हायचा, बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटायचा, आणि बंदुकीच्या तोंडातला डोळा तो उजेड बघायचा. जुन्या पिक्चर ट्यूबचा उजेड त्याच क्षणी यायचा. आजचा सपाट टीव्ही तेच चित्र थोडं उशिरा दाखवतो आणि त्या उशिरात नेम हुकतो. शिवाय या यंत्राला ती बंदूक लावायची सोयच नाही. म्हणजे गेम आहे, यंत्र आहे, पण तो टीव्ही भंगारवाल्याकडे गेला. त्या टीव्हीसमोर पुसलेल्या फरशीवर मांडी घालून बसणारी मुलंही आता घोडबंदरला, पुण्याला, न्यू जर्सीला आहेत. डक हंट घालू नका. तो नाही म्हणून चुटपुट लागेल, ती थोडा वेळ तशीच लागू द्या.

राहिला काँट्रा. तो घाला.

चालू करायच्या आधी एवढंच आठवा. तिसरी स्टेज धबधब्याची आहे. दगडांवरून उड्या मारत वर चढायचं, आणि जो वर असेल त्याच्याबरोबर पडदा वर सरकतो. आपण भराभर चढलो की मागे राहिलेला जोडीदार पडद्याच्या खाली जातो आणि मरतो. शत्रूची गोळी लागलेली नसते, आपल्या घाईने मरतो. तिथं किती भांडणं झाली असतील. ‘थांब ना’, ‘चल ना’, ‘तूच मारलंस’. आणि त्याच्या लाइफ संपल्या की तो आपल्यातली एक घ्यायचा. वर, वर, खाली, खाली, डावं, उजवं, डावं, उजवं, बी, ए केलं की तीस लाइफ मिळायच्या, पण धबधब्यात त्याही पुरायच्या नाहीत. ती खूण कोनामी कंपनीच्या काझुहिसा हाशिमोतो यांनी आधी ग्रॅडियससाठी केली होती, कारण तपासताना तो गेम त्यांना स्वतःलाच जमेना. हाशिमोतो २०२० मध्ये गेले.

आता एकट्याने खेळून बघा. धबधबा सहज पार होतो. कुणाची वाट बघावी लागत नाही. हवं तिथं डाव थांबवून जपून ठेवता येतो, मेलं तर पुन्हा तिथूनच. सगळं जमतं आणि दहा मिनिटांत कंटाळा येतो. मग हात पुन्हा यादीकडे जातो, कारण वाटतं की गेम चुकला.

गेम चुकलेला नाही. यंत्राच्या पुढच्या बाजूला बघा, रिमोट लावायच्या दोन जागा आहेत. खोक्यात रिमोट एकच यायचा, दुसरा वेगळा घ्यावा लागायचा. त्याची वायर जेमतेम अडीच फुटांची आहे. सगळ्यांनी तिला नावं ठेवली, पण तिच्यामुळे दोघांना टीव्हीच्या पुढ्यात खांद्याला खांदा लावून बसावं लागतं. पुढचा गेम शोधण्याआधी तो दुसरा रिमोट आणा, आणि धबधब्यात जो तुमच्यावर ओरडायचा त्याला फोन करा.