एकमेकांसाठी थांबा

आजचं वचन: १ करिंथ ११:१७-३४

प्रभुभोजनाला येऊन कोणी उपाशी राहतो, कोणी पिऊन तर्र होतो, म्हणून पौल करिंथच्या मंडळीवर रागावतो. मला वाटायचं, असतील तिथे काही खादाड लोक.

मग गेर्ड टाइसेन या जर्मन अभ्यासकाचं म्हणणं वाचलं. १९७० च्या दशकात त्यांनी हा उतारा समाजशास्त्राच्या नजरेने तपासला. मंडळी ऐपतदार माणसांच्या घरी जमायची. रोमन मेजवानीत पाहुण्याच्या दर्जाप्रमाणे वेगवेगळं वाढायची रीत होती. तीच प्रभूच्या मेजावर आली, असं ते मांडतात. म्हणजे यजमानाला आपलं काही चुकतंय असं वाटलंही नसेल!

काहींना भीती वाटते, असल्या अभ्यासाने विश्वास ढिला होतो. माझं उलट झालं. 'खादाड' म्हटलं की ते लोक माझ्यापासून लांब राहतात. 'रीत' म्हटलं की मीच सापडतो.

आमच्या घरी शुक्रवारच्या प्रार्थनेनंतर साडेआठला जेवण. सिक्युरिटीची ड्युटी संपवून येणारा भाऊ नऊला पोचतो. त्याच्या वाट्याला तळाचा रस्सा. मुद्दाम कोणीच करत नाही.

पौलाचा उपाय साधा आहे: एकमेकांसाठी थांबा.

प्रभू, या शुक्रवारी आम्हाला अर्धा तास भुकेलं राहायला शिकव. आमेन.