एका ताटात जेवलेला वारस

कल्पनेतल्या राज्यांचे परागंदा वारस नशीबवान असतात. टॉल्किनच्या ॲरागॉर्नकडे पूर्वजाची मोडलेली तलवार असते, शिवाय त्याच्या हाताला असा गुण असतो की आजारी माणसं बरी होतात आणि लोक म्हणतात, हाच राजा. ‘द रिटर्न ऑफ द किंग’ 1955 साली आलं आणि त्यानंतरच्या फँटसी लेखकांनी हा साचा मनसोक्त वापरला. कुठे ड्रॅगन एकाच घराण्याचं ऐकतात, कुठे अंगावरची जन्मखूण ऐन वेळी उघडी पडते. पनवेलहून सुटलेल्या लोकलमध्ये कानात हेडफोन घालून अशी मालिका पाहणाऱ्या मुलाला वारस खरा की खोटा हा प्रश्न पडतच नाही. पटकथाकाराने ते पहिल्याच भागात सांगून टाकलेलं असतं; उरते ती फक्त लढाई.

मराठ्यांच्या इतिहासात याच्या उलट घडलं. लढाया चटकन उरकल्या, ओळख पटवायलाच वर्षं गेली.

पुराणकाळी हा पेच नव्हता. राम चौदा वर्षांनी परतला तेव्हा ‘हा राम कशावरून?’ असं अयोध्येत कुणी विचारलं नाही; भरताने गादीवर पादुका ठेवून जागा राखली होती. महाभारतात थोडी खळखळ होते, पण तीही ओळखीवरून नाही, हिशेबावरून. अज्ञातवास पुरा व्हायच्या आत पांडव उघडे पडले, असा दुर्योधनाचा दावा. मग विराटपर्वात भीष्म अधिक महिन्यांचं गणित मांडतात आणि मुदत भरल्याचा निर्वाळा देतात. दुर्योधन तरीही ऐकत नाही, ते सोडा. पण परतलेल्या वारसाचं भवितव्य तिसऱ्या, वजनदार माणसाच्या शब्दावर टांगलेलं असतं, ही गोष्ट तिथे पहिल्यांदा ठसठशीत दिसते.

संभाजीराजांचे पुत्र शाहू यांच्या वेळी असा भीष्म कुणी उरला नव्हता. 1682 साली माणगावजवळच्या गांगवलीत जन्मलेलं हे पोर, 1689 च्या अखेरीस रायगड पडला तेव्हा सात वर्षांचं. आई येसूबाईंसह ते मोगलांच्या छावणीत गेलं आणि पुढची सतरा-अठरा वर्षं औरंगजेबाचा तळ जिकडे हलेल तिकडे हलत राहिलं. बादशहा मार्च 1707 मध्ये अहमदनगरजवळ भिंगारला वारला. दिल्लीच्या गादीसाठी उत्तरेकडे निघालेल्या आझमशहाने मे महिन्यात भोपाळच्या बाजूला दोराहा इथे शाहूंना मोकळं केलं. हेतू उघड होता: मराठ्यांत दोन तट पडावेत. येसूबाईंना मात्र ओलीस ठेवून घेतलं. त्या साताऱ्याला पोचल्या त्या 1719 मध्ये.

पंचविशीचा हा तरुण नर्मदा ओलांडून खानदेशात उतरला तेव्हा दख्खनमध्ये त्याला चेहऱ्याने ओळखणारं जवळजवळ कुणी नव्हतं. सात वर्षांचं मूल पंचविसाव्या वर्षी कसं दिसेल हे कोण सांगणार? ज्या आईने सांगितलं असतं ती मागे राहिलेली. शाहूंच्या चुलती, राजारामांच्या विधवा ताराबाईंनी ही फट नेमकी हेरली आणि जाहीर केलं की हा तोतया आहे.

ताराबाईंचा दुसरा मुद्दा जास्त मोलाचा होता आणि इतिहासाच्या पुस्तकांत तो एका वाक्यात गुंडाळला जातो. संभाजीराजांचं राज्य बुडालं. त्यानंतर राजारामांनी जिंजीहून आणि पुढे आपण स्वतः लढून उभं केलं ते राज्य नवं. त्याच्यावर जुन्या राज्याच्या वारसाचा हक्क कसा? रक्ताचा हक्क मोठा की कष्टाचा, हा सवाल त्या काळच्या युरोपातल्या राजघराण्यांनाही घाम फोडणारा होता. राजाराम स्वतः मात्र शाहूंनाच खरे धनी मानत आणि तसं त्यांनी पत्रातून लिहिलंही होतं. नवऱ्याचं हे मत ताराबाईंना अडचणीचं होतं. म्हणूनच बहुधा त्यांनी तात्त्विक वाद मागे ठेवून ‘तोतया’ हा सोपा शब्द पुढे केला.

तोतयेपणाच्या आरोपाला उत्तर मिळालं ते ताटावर. हिंगणीकर भोसल्यांच्या घराण्यातले परसोजी भोसले शाहूंना येऊन मिळाले आणि सगळ्यांच्या देखत त्यांच्याबरोबर एका ताटात जेवले, असं परंपरा सांगते. फँटसीतही मेजवान्या रग्गड असतात, पण तिथे ताटात बहुतेक विष असतं. इथे ताट हाच दाखला होता. कुणी कुणाच्या पंक्तीला बसावं हे ज्या समाजात जातीने आणि सोयरिकीने ठरे, तिथे अनोळखी माणसाच्या ताटात हात घालणं म्हणजे आपलं कुळ पणाला लावणं. उद्या हा माणूस भलताच निघाला तर परसोजींचीच पंगत मोडणार होती. खुद्द ताराबाईंनीही सरदारांना दूधभातावर शपथा घ्यायला लावल्याची हकिकत आहे. दोन्ही बाजूंचा पुरावा असा अन्नावरच तोलला जात होता.

वाटेतच आणखी एक प्रसंग घडला. मराठवाड्यातल्या पारद गावी पाटलाने शाहूंच्या फौजेला विरोध केला आणि तो चकमकीत मारला गेला. त्याच्या बायकोने आपलं लहान पोर शाहूंच्या पायांवर घातलं. लोखंड्यांचा हा राणोजी. शाहूंनी त्याला जवळ केलं, फत्तेची आठवण म्हणून फत्तेसिंह नाव ठेवलं आणि भोसले आडनाव दिलं. पुढे अक्कलकोटचं संस्थान याच फत्तेसिंह भोसल्यांच्या घराण्यात चाललं, ते थेट 1948 पर्यंत. स्वतः भोसले आहोत हे अजून सिद्ध व्हायचं होतं, अशा माणसाने एका पाटलाच्या पोराला एका शब्दात भोसले करून टाकलं आणि त्याला कुणी दाखला मागितला नाही.

12 ऑक्टोबर 1707 रोजी भीमेकाठी खेडला दोन्ही फौजा समोरासमोर आल्या. ताराबाईंचे सेनापती धनाजी जाधव ऐन वेळी शाहूंकडे वळले; त्यामागे खंडो बल्लाळ चिटणीस आणि बाळाजी विश्वनाथ भट यांची खटपट होती. साताऱ्याचा किल्ला परशुरामपंत प्रतिनिधींनी धरून ठेवला होता. किल्ल्यावरच्या शेख मिराचं कुटुंब वाईला होतं. ते ताब्यात घेऊन शाहूंनी त्याच्यावर दाब आणला. शेख मिराने पंतांनाच कैद केलं आणि दरवाजे उघडले. 12 जानेवारी 1708 रोजी शाहूंना राज्याभिषेक झाला. या साऱ्या प्रकरणात तलवारीचं काम तसं बेताचंच होतं.

आता ज्यांनी ओळख पटवली त्यांना काय मिळालं ते पाहावं. परसोजी सेनासाहेबसुभा झाले. नागपूरकर भोसल्यांच्या वैभवाची सुरुवात तिथे आहे. बाळाजी विश्वनाथ 1713 मध्ये पेशवे झाले आणि ते पद पुढे त्यांच्याच घरात राहिलं. गादी वारसाला मिळाली, कारभार हळूहळू साक्षीदारांकडे गेला. शाहू दुबळे होते म्हणून असं झालं, हा नेहमीचा निकाल फार उथळ आहे. जो राजा इतरांच्या खात्रीवर उभा राहतो त्याला ती खात्री देणाऱ्यांना धरूनच चालावं लागतं. शाहूंनी हे ओळखलं आणि चाळीस वर्षं राज्य सांभाळलं, हे त्यांचं कसबच म्हणायचं.

15 डिसेंबर 1749 रोजी शाहू वारले. त्यांना मुलगा नव्हता. मुली होत्या, पण गादीच्या चर्चेत त्यांचं नाव कुणी काढल्याचं दिसत नाही. ताराबाई तोवर सत्तरी ओलांडलेल्या, पण जिद्द तीच. आपला एक नातू लहानपणापासून लपवून वाढवला आहे, असं त्यांनी सांगितलं. तो हा रामराजा. आता संशय घेणारे दुसरे होते आणि पटवून देणाऱ्या ताराबाई. त्यांनी काय केलं? फौजेसमोर त्या नातवाबरोबर जेवल्या आणि त्या अन्नाची शपथ घेऊन तो आपलाच नातू असल्याचं सांगितलं. ग्रँट डफने हे नोंदवलं आहे. चाळीस वर्षांपूर्वी ज्या ताटाने त्यांचा दावा मोडला होता, तेच ताट त्यांनी स्वतः मांडलं.

पुढचं अधिक चमत्कारिक आहे. रामराजा आपल्या मुठीत राहत नाही, पेशव्यांकडे झुकतो, असं दिसताच 1750 च्या नोव्हेंबरात ताराबाईंनी त्याला साताऱ्याच्या किल्ल्यावर कैदेत टाकलं आणि हा आपला नातू नाहीच, असं सांगायला सुरुवात केली. 1752 मध्ये जेजुरीला खंडोबासमोर तशी शपथही घेतली. मॉस्कोत दीडशे वर्षांपूर्वी असंच घडलं होतं: 1605 साली दिमित्री म्हणवणाऱ्याला त्याच्या ‘आई’ने ओळखलं आणि वर्षभरात तो मारला जाताच आपला शब्द मागे घेतला. पण मॉस्कोतला दावेदार जिवाला मुकला; साताऱ्याचा रामराजा छत्रपती म्हणून 1777 पर्यंत राहिला. कारण पेशव्यांना तो खरा आहे की नाही याने फरक पडत नव्हता. त्यांना गादीवर कुणी तरी हवं होतं आणि शिक्क्यावर त्याचं नाव.

इथे ताटाच्या दाखल्याची ही कल्पना एक वळण घेते. एकाच तोंडाने दोन उलट्या शपथा घेतल्यावर ताटाचं मोल संपलं.

1776 मध्ये कोकणात सदाशिवरावभाऊ म्हणवणाऱ्याचं बंड उठलं तेव्हा हा बदल स्पष्ट दिसतो. पानिपतावर पडलेले भाऊ जिवंत असल्याची आशा तोवर मेली नव्हती. रत्नागिरीच्या कैदेतल्या या माणसाला तिथल्या सुभेदाराने, रामचंद्र नाईक परांजप्यांनी, भाऊ म्हणून पुढे आणलं आणि बघता बघता कोकणातले किल्ले त्याच्या ताब्यात गेले. पुण्यातल्या कारभाऱ्यांनी कुणालाही त्याच्या पंक्तीला पाठवलं नाही. फौज पाठवली, पकडून आणला, चौकशी केली, कनोजा ब्राह्मण ठरवला आणि मारला. न. चिं. केळकरांनी पुढे ‘तोतयाचे बंड’ हे नाटक लिहिलं, त्यामुळे मराठी माणसाला हे प्रकरण ठाऊक आहे.

इंग्रज आल्यावर सगळा पुरावा कागदावर आला. आष्टीच्या लढाईत 1818 मध्ये प्रतापसिंह महाराज इंग्रजांच्या हाती आले आणि माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने त्यांना साताऱ्याच्या गादीवर बसवलं. हे तेच ते, याबद्दल कुणालाही शंका नव्हती. वाद तहातल्या कलमांचा होता. कलमं मोडल्याचा, गोव्याच्या पोर्तुगीजांशी संधान बांधल्याचा आरोप आला. कबुलीवर सही करा, गादी राहील, असं सांगण्यात आलं. महाराजांनी सही केली नाही. सप्टेंबर 1839 मध्ये ते पदच्युत झाले आणि काशीला गेले. त्यांच्या वतीने रंगो बापूजी गुप्ते लंडनला जाऊन राहिले आणि 1853 पर्यंत अर्ज, छापील पत्रकं, सभा यांतून भांडत राहिले. महाराज 1847 मध्येच काशीत वारले होते. 1848 मध्ये डलहौसीने साताराच खालसा केला. त्याचा युक्तिवाद असा, की राजाने घेतलेल्या दत्तकाला घरची मालमत्ता मिळेल, राज्य मिळणार नाही. एकच मुलगा वाड्याचा वारस आणि गादीचा मात्र परका!

आता थोडं मागे जावं लागेल. प्रतापसिंहांना गादीवर बसवणारा एल्फिन्स्टन 1819 पासून मुंबईचा गव्हर्नर होता आणि जाण्यापूर्वी त्याने 1827 ची कायदेसंहिता दिली. त्यातलं आठवं रेग्युलेशन वारसांना रीतसर मान्यता देण्याबद्दलचं आहे. अर्ज आला की कोर्टाने जाहीरनामा लावायचा: ज्याला हरकत असेल त्याने महिन्याच्या आत यावं. कुणी आलं नाही आणि अर्जदाराचा हक्क कोर्टाला पटला, की मान्यता. परसोजींना आपलं कुळ पणाला लावावं लागलं होतं. या पद्धतीत जो गप्प बसतो तोही एक प्रकारे साक्षच देतो.

दोनशे वर्षं होत आली तरी महाराष्ट्रात वारस दाखला याच रेग्युलेशनखाली मिळतो, आणि त्याची गरज नवी मुंबईइतकी क्वचितच कुठे भासत असेल. 1970 नंतर सिडकोसाठी ठाणे, पनवेल, उरण तालुक्यांतल्या 95 गावांची भातशेती आणि मिठागरं गेली. जानेवारी 1984 मध्ये दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखालच्या आंदोलनात जासई-दास्तान भागात गोळीबार होऊन पाच जण गेले. त्यानंतर साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना आली. पण जमीन गेली आजोबांच्या नावावरून आणि भूखंड मागायला येतो नातू. मग सातबारा, फेरफार, मृत्यूचा दाखला, वंशावळ, आणि पेपरात ‘तमाम लोकांस कळविण्यात येते की’ अशी सुरू होणारी जाहीर नोटीस.

हे सगळं जमवणारा माणूस बहुतेकदा बाहेरचा असतो. कुणी वकील, कुणी एजंट, कुणी बिल्डर. तो खर्च करतो, फायली हलवतो आणि भूखंड हाती यायच्या आधीच करार करून ठेवतो. फाइलीवर नाव आगरी-कोळी शेतकऱ्याच्या नातवाचं, इमारतीचे मजले दुसऱ्याचे. साताऱ्याचा शिक्का आणि पुण्याचा कारभार ज्याने वाचला आहे त्याला यात नवल वाटणार नाही.

नवी आहे ती एकच गोष्ट. महाराष्ट्राने 1994 मध्ये आणि देशाने 2005 मध्ये मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलांच्या बरोबरीचा हक्क दिला. शाहूंच्या मुलींचं नाव कुणी काढलं नव्हतं. बेलापूर, पनवेल, उरणच्या कोर्टांतल्या वंशावळीत आता आत्या आणि बहिणी लिहाव्या लागतात. त्यांच्या सह्यांवाचून भूखंडाचं घोडं पुढे सरकत नाही. म्हणून रक्षाबंधनाला आलेल्या बहिणीपुढे हक्कसोडपत्र ठेवणारे भाऊ निघतात, आणि ‘आधी माझा हिस्सा लिहा’ असं सांगून त्या कागदावर सही न करता परत जाणाऱ्या बहिणीही.