ट्रिगर हलका करण्याआधी

चि. भाचीस,


एअर रायफलवरून तू पॉइंट टू-टूवर आलीस, क्लबनं तुला ॲन्शुट्झ रायफल दिली, हे वाचून फार बरं वाटलं. पण पत्राच्या शेवटच्या चार ओळी वाचल्या आणि उत्तर उद्यावर टाकवेना. ट्रिगर जड लागतो, आणि रेंजवरचा एक दादा सिअर घासून हलका करून देतो म्हणतोय, असं तू लिहिलंस. त्याला ते करू देऊ नकोस. ट्रिगरचं वजन कमी करण्याला माझी हरकत नाही. त्यासाठी कारखान्यानंच पेच दिलेला आहे आणि तो तू फिरवू शकतेस. सिअरला मात्र कानस, सहाण, पॉलिश पेपर यातलं काहीही लागता कामा नये. या दोन गोष्टींत काय फरक आहे ते नीट समजून घे, म्हणजे पुढे कुणी कितीही आत्मविश्वासानं बोललं तरी तुला ठरवता येईल.

बोल्ट बंद केलास की फायरिंग पिनमागची जोरदार स्प्रिंग दाबलेल्या स्थितीत अडकून राहते. तिला अडवून धरतो तो सिअर. पोलादाच्या दोन कडा एकमेकींवर थोड्याशा चढलेल्या असतात आणि हे चढणं मिलिमीटरच्या अंशातलं असतं. ट्रिगर मागे येतो तशी ही पकड सरकत कमी होते, संपते आणि पिन सुटते. ट्रिगरचं वजन म्हणजे काय, तर ट्रिगरच्या स्वतःच्या छोट्या स्प्रिंगचा विरोध आणि या दोन कडांमधलं घर्षण यांची बेरीज. म्हणून वजन कमी करण्याच्या वाटा दोन. छोटी स्प्रिंग सैल करायची, नाहीतर कडांची पकड कमी करायची. पहिल्या वाटेनं, कारखान्यानं आखलेल्या मर्यादेत राहिलीस, तर पकड होती तशीच राहते. दुसऱ्या वाटेनं ट्रिगर काच तुटावा तसा सुटतो, लोक त्यावर भाळतात, आणि आत कडी कोयंड्याला नुसती टेकलेली उरते. बोल्ट जरा जोरानं बंद झाला, रायफल स्टँडवरून घसरली, तरी ती निसटते.

घासण्याचा दोष आणखी खोल आहे. बऱ्याच सिअरचा फक्त वरचा पातळ थर कठीण केलेला असतो. तो खरवडला गेला की खालचं मऊ पोलाद उघडं पडतं. पहिले काही आठवडे ट्रिगर लोण्यासारखा चालतो, सगळे वाहवा करतात, आणि मग कड झिजत झिजत एक दिवस धरतच नाही. पेच उलटा फिरवून मागे येता येतं, घासलेलं पोलाद परत येत नाही.

तुझ्या रायफलीचा ट्रिगर दोन टप्प्यांचा आहे. हा दोन टप्प्यांचा बेत मला फार आवडतो, त्यामुळे इथे थोडा रेंगाळतो. बोट टेकल्यावर आधी ट्रिगर सहज मागे येतो, तो पहिला टप्पा. मग एक भिंत लागते. भिंतीवर आणखी थोडा दाब दिला की गोळी सुटते. याची खुबी अशी की रायफल नुसती भरलेली असताना सिअरची पकड भरपूर असते, आणि पहिला टप्पा ओढला जातो तेव्हाच ती कमी होते. म्हणजे धोक्याची बारीक पकड तुझं बोट ट्रिगरवर आणि नळी लक्ष्याकडे असतानाच येते. काहीजण पेच फिरवून पहिला टप्पा पूर्ण काढून टाकतात, त्यांना ती चाल फुकट वाटते. तसं करताना भिंतीवरची ती बारीक पकडच बोल्ट बंद केल्या क्षणापासून कायमची होऊन बसली, तर त्यांनी सुरक्षेचा अख्खा मजला पाडला असं समज. पहिला टप्पा ठेव. एकूण वजनातला मोठा वाटा त्याच्यावर राहू दे आणि भिंतीसाठी थोडंच शिल्लक ठेव. बोटाला ट्रिगर आपोआप हलका वाटेल, प्रत्यक्षात तो तितका हलका नसला तरी.

आता किती वजन? ५० मीटर रायफलला आंतरराष्ट्रीय नियमात ट्रिगरच्या वजनाची किमान मर्यादाच नाही. १० मीटर एअर पिस्तुलाला ५०० ग्रॅम, २५ मीटर पिस्तुलाला १००० ग्रॅम, ३०० मीटर स्टँडर्ड रायफलला १५०० ग्रॅम अशा मर्यादा आहेत. तुमच्या प्रकाराला मात्र मोकळीक आहे. अशा मॅच रायफलींचे ट्रिगर साधारण १०० ग्रॅमच्या आसपास लावलेले असतात. नियम अडवत नाही म्हणूनच संयम तुझ्याकडून यायला हवा. तू नवी आहेस. आधी आहे त्याच वजनावर महिनाभर सराव कर, मग थोडं कमी कर, पुन्हा थांब. कुठं थांबायचं याची माझी कसोटी अशी आहे: तळहात थंड पडलेले असताना, नाडी वाढलेली असताना, नीलिंगमध्ये पाय बधिर झालेला असताना पहिला टप्पा संपल्याची भिंत बोटाला स्पष्ट कळली पाहिजे. ज्या वजनावर ती कळेनाशी होते, ते वजन तुझ्यासाठी फार हलकं आहे, मग शेजारचा कितीवर मारतो हे विचारूच नकोस.

आपल्या कोल्हापूरकडच्या मुलांना समोर मोठी नावं असतात. तेजस्विनी सावंत २०१० साली म्युनिकला ५० मीटर प्रोनमध्ये विश्वविजेती झाली, कांबळवाडीच्या स्वप्नील कुसळेनं २०२४ साली पॅरिसला ५० मीटर थ्री पोझिशनमध्ये ४५१.४ गुणांनी कांस्यपदक आणलं. त्यांच्याकडून शिकायचं ते बसणं, श्वास, चिकाटी. त्यांच्या ट्रिगरचे आकडे शोधून आपल्या रायफलीला लावायचे नाहीत. ५० मीटरच्या लक्ष्यावरचा दहाचा गोल १०.४ मिलिमीटर व्यासाचा असतो. इतक्या बारीक कामात ट्रिगरचा हलकेपणा उपयोगी पडतो हे खरं, पण त्याहून उपयोगी पडतो त्याचा सारखेपणा. दर वेळी १२० ग्रॅमला सुटणारा ट्रिगर हा कधी ६०ला, कधी ९०ला सुटणाऱ्या ट्रिगरपेक्षा चांगला, यात मला कधीच शंका वाटली नाही.

काम कुठं करायचं तेही सांगतो. घरी नाही. रायफल क्लबची आहे, तेव्हा आधी कोचना विचार आणि क्लबच्या आर्मररच्या टेबलावर, त्यांच्या समोर कर. त्या खोलीत एकही जिवंत गोळी नको. तुझ्या किटमधली, खिशातली, कुणाच्या डब्यातली, कुठलीच नको. पॉइंट टू-टूची गोळी जेमतेम अडीच ग्रॅमची असते म्हणून लोक तिला खेळणं समजतात, पण ती सेकंदाला तीनशे मीटरच्या वर वेगानं निघते आणि किलोमीटरच्या पलीकडेही माणसाला इजा करू शकते. बोल्ट बाहेर काढ, चेंबरमध्ये डोळ्यानं पाहा, करंगळी लावून पाहा, मग दुसऱ्या कुणाला पाहायला सांग. काही मॅच रायफलींना सेफ्टी नसतेच, त्यामुळे उघडा बोल्ट आणि चेंबरमधला केशरी फ्लॅग हीच तुझी सेफ्टी. आणि चेंबर रिकामं असलं तरी नळी कुणाच्याही दिशेला नको, खालच्या मजल्यावरच्या माणसाच्याही नको.

पेचांना हात लावण्याआधी रायफलीबरोबर आलेली पुस्तिका उघड. कुठला पेच पहिल्या टप्प्याच्या वजनाचा, कुठला भिंतीचा, कुठला सिअरच्या पकडीचा आणि कुठला ट्रिगर सुटल्यानंतरची चाल थांबवणारा, हे मॉडेलप्रमाणे बदलतं. मुद्दाम मी इथे पेचांची जागा लिहीत नाही, कारण दुसऱ्या मॉडेलची जागा आठवून पेच फिरवणं हीच सगळ्यात वाईट सवय. आत्ताची स्थिती फोटो काढून आणि वहीत लिहून ठेव. वजनाचा पेच पाव फेऱ्यापेक्षा जास्त एका वेळी फिरवू नकोस, आणि एका वेळी एकच पेच. पकडीच्या पेचाला तू हात लावायचा नाहीस, ते आर्मररचं काम. चाल थांबवणारा पेचही अगदी घट्ट आणू नकोस. तो फार आत गेला की सिअर पूर्ण मोकळा व्हायला जागा उरत नाही, ट्रिगर ओढूनही पिन सुटत नाही, किंवा सुटताना घासत जाते.

वजन अंदाजानं सांगायचं नाही, मोजायचं. ट्रिगर गेज ट्रिगरच्या त्याच जागी लाव जिथे तुझं बोट असतं, सरळ मागे ओढ आणि दहा वेळा मोजून दहाही आकडे लिही. सरासरीपेक्षा त्या आकड्यांमधला फरक पाहा. तो मोठा असेल तर आत घाण आहे किंवा झीज आहे, आणि वजन आणखी कमी करण्याचा विचार तिथेच थांबव. मोजताना पिन रिकाम्या चेंबरवर पडणार. रिमफायरमध्ये काडतुसाच्या कडेवर आघात होतो, त्यामुळे बऱ्याच रायफलींत रिकामी पिन चेंबरच्या कडेलाच आदळून तिथे खाच पाडते. तुझ्या मॉडेलला ड्राय फायर चालतं का ते पुस्तिकेत बघ. खात्री नसेल तर प्लॅस्टिकचं डमी काडतूस वापर.

यानंतरचा भाग लोक टाळतात, आणि माझा सगळा जोर त्यावरच आहे. रिकामी रायफल कॉक करून बोल्ट वीस वेळा मुद्दाम जोरात बंद कर. एकदाही पिन सुटता कामा नये. कॉक असताना रबरी हातोडीनं बटवर, बाजूंवर, बोल्टच्या मागे ठोक. रायफल उभी धरून बट जाड रबरी मॅटवर वीतभर उंचीवरून आपट. सेफ्टी असेल तर ती लावून ट्रिगर जोरात ओढ, सोड, मग सेफ्टी काढ. पिन जागेवरच राहायला हवी, आणि त्यानंतर ओढल्यावर नेहमीच्या वजनाला सुटायला हवी. शंभरात एकदा जरी पिन आपोआप सुटली तरी वजन वाढव आणि पहिल्यापासून तपास. वाढवूनही सुटली तर रायफल आर्मररकडे ठेव आणि त्या दिवशी सराव बंद. ‘एकदाच झालं’ हे वाक्य मी ऐकून घेणार नाही.

हलकं करण्याची आणखी एक वाट तुला कुणीतरी दाखवेल: फायरिंग पिनची मोठी स्प्रिंग कापायची. सिअरवरचा भार कमी झाल्यानं ट्रिगर खरंच हलका होतो. पण कडेवरचा आघातही कमजोर होतो, बारूद एकसारखी पेटत नाही, गोळ्या वरखाली विखुरतात, काही काडतुसं पेटतच नाहीत. न पेटलेलं काडतूस उशिरा पेटू शकतं. तसं कधी झालं तर नळी लक्ष्याकडेच ठेवून तीस सेकंद थांबायचं आणि मगच बोल्ट उघडायचा.

आपल्याकडच्या पावसाळ्यात ट्रिगरचं वजन पेच न फिरवताही बदलतं. गंज टाळायला आपण नळी वारंवार साफ करतो, तेव्हा सॉल्व्हंट आणि तेल मागे ओघळून ट्रिगरच्या डब्यात शिरतं, धूळ धरतं आणि चिकटतं. म्हणून साफ करताना रॉड मागून, बोअर गाइड लावून घाल आणि नळीचं तोंड थोडं खाली ठेव. ट्रिगरमध्ये कसलाही स्प्रे मारू नकोस. पेच हलू नये म्हणून त्याच्या डोक्यावर नेलपॉलिशचा एक ठिपका पुरतो; पातळ लॉकिंग द्रव आत झिरपून सगळं जाम करू शकतो.

त्या दादाला नम्रपणे नाही म्हण. शस्त्र कायदा, १९५९ प्रमाणे बंदूक दुरुस्तीचा धंदा परवान्याशिवाय करता येत नाही, आणि परवाना असलेला माणूस दहा मिनिटांत सिअर घासून देत नसतो. तुला संकोच वाटत असेल तर माझं नाव सांग, मामानं मनाई केली आहे म्हण.

सगळ्या तपासण्या पार पडल्या की पहिल्या दहा गोळ्या एकेक करून, कोच शेजारी उभे असताना मार. आणि त्या दहा मोजमापांचा वहीतला फोटो मला पाठव, तो पाहिल्याशिवाय वजन आणखी कमी करू नकोस.

तुझा,
मामा