पद घेताना, पद सोडताना

पैनगंगा अजिंठ्याच्या डोंगररांगेत उगम पावते, आमच्या देऊळघाटाजवळून वाहत खाली उतरते आणि यवतमाळ जिल्ह्याच्या पार टोकाला, वणी तालुक्याच्या हद्दीवर वर्धेला मिळते. त्या वणीत २९ ऑगस्ट १८८० रोजी माधव श्रीहरी अणे जन्मले. वऱ्हाड त्यांना लोकनायक बापूजी अणे म्हणत असे. आज यवतमाळात त्यांच्या नावाचं महाविद्यालय आहे. पण नदीच्या आमच्या टोकाला त्यांचं नाव घेतलं, तर कॉलेजात जाणारी पोरंही ‘कोण?’ म्हणून विचारतात. मला याचं वाईट वाटतं. कारण या माणसाकडून शिकण्यासारखी एक गोष्ट आजही आपल्या रोजच्या उपयोगाची आहे.

अमरावतीच्या शाळेत शिक्षक, मग यवतमाळला वकील, टिळकांचे निष्ठावान अनुयायी, वऱ्हाड प्रांतिक काँग्रेसचे अध्यक्ष, दिल्लीच्या मध्यवर्ती कायदेमंडळाचे सदस्य, १९३३ मध्ये काँग्रेसचे हंगामी अध्यक्ष. पुढे व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळाचे सदस्य, सिलोनमध्ये हिंदुस्थान सरकारचे प्रतिनिधी, बिहारचे राज्यपाल, नागपूरचे खासदार. इतकी पदं एका आयुष्यात आली. त्यांतली काही त्यांनी आपणहून खाली ठेवली. बापूजी समजून घ्यायचे तर पद घेणं आणि पद सोडणं, दोन्ही पाहावं लागतं.

१९३० साली देशभर मिठाचा सत्याग्रह पेटला. वऱ्हाडाला समुद्र नाही. दहिहांड्याला खाऱ्या विहिरीच्या पाण्यातून मीठ काढून झालं, पण शेतकऱ्याच्या काळजाला भिडेल असा कायदा दुसराच होता, जंगलाचा. गुरांना चारा लागतो, चारा रानात, आणि रान सरकारच्या राखीव हद्दीत. गवताच्या भाऱ्यापायी नाकेदाराची बोलणी खाल्लेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. १० जुलै १९३० रोजी पुसदजवळच्या राखीव जंगलात अणे यांनी परवानगीशिवाय गवत कापलं आणि ते तुरुंगात गेले. पन्नाशीला टेकलेला, कायदेमंडळात बसलेला वकील रानात गवत कापायला उतरतो, तेव्हा त्याला आपल्या माणसांचं दुखणं नेमकं कळलेलं असतं.

याच माणसाने १९४१ मध्ये व्हाइसरॉय लिनलिथगो यांच्या कार्यकारी मंडळात जागा स्वीकारली. जुने सहकारी सत्याग्रह करून तुरुंगात जात होते आणि अणे सरकारात गेले. त्यांच्याकडे परदेशस्थ हिंदी लोकांचं खातं आलं. थोड्याच दिवसांत जपानने ब्रह्मदेशावर चढाई केली आणि तिथले लाखो हिंदी मजूर, कारकून, दुकानदार बायकामुलांसह आसाम आणि आराकानच्या वाटेने पायी निघाले. भुकेने आणि पटकीने वाटेतच कित्येक गेले. या लोकांचा सांभाळ हा त्या खात्याच्या कामाचा भाग होता. त्यात टाळ्या नव्हत्या, हारतुरे नव्हते. पण ते काम कुणीतरी करायलाच हवं होतं.

मग ऑगस्ट १९४२ उजाडला. चिमूरला लोकांचा उठाव झाला आणि तो मोडताना पोलीस व लष्कराने गावावर, बायाबापड्यांवर अत्याचार केले. चौकशी व्हावी म्हणून सेवाग्राम आश्रमातले प्राध्यापक भन्साळी नोव्हेंबरमध्ये थेट दिल्लीला अणे यांच्या घरी गेले आणि तिथेच उपोषणाला बसले. चिमूर म्हणजे विदर्भाचं गाव, आणि मंडळातला विदर्भाचा माणूस म्हणजे अणे. सरकारने भन्साळींना दिल्लीतून परत पाठवलं. त्यांचं उपोषण साठ दिवसांहून अधिक चाललं. अणे मात्र तेव्हा मंडळातच राहिले.

हा भाग झाकून अणे यांचा गौरव करणं मला योग्य वाटत नाही. आत राहून काही करता येईल, ही आशा माणसाला दारात बसलेल्या उपोषणकर्त्यासमोरही खुर्चीवर बसवून ठेवते. पद सोडण्याची वेळ ओळखणं भल्याभल्यांना जड जातं, हे त्या दिवसांनी दाखवून दिलं.

पण ती वेळ आली तेव्हा त्यांनी ती चुकवली नाही. १० फेब्रुवारी १९४३ रोजी पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये गांधीजींनी २१ दिवसांचं उपोषण सुरू केलं. प्रकृती ढासळू लागली, तरी सरकार त्यांना सोडायला तयार होईना. १७ फेब्रुवारीला अणे, होमी मोदी आणि नलिनीरंजन सरकार या तिघांनी राजीनामे दिले. गांधीजींशी अणे यांचे मतभेद जुने होते. १९३४ मध्ये जातीय निवाड्याच्या प्रश्नावर ते मालवीयजींबरोबर काँग्रेसच्या धोरणापासून वेगळे झाले होते. तरीही गांधीजी कैदेत मरणाच्या दारी असताना त्या सरकारात बसून राहणं त्यांच्या मनाने मानलं नाही.

त्याच वर्षी ते सिलोनला गेले आणि १९४७ पर्यंत राहिले. चहाच्या आणि रबराच्या मळ्यांवर राबणाऱ्या तमिळ मजुरांची बाजू तिथल्या सरकारपुढे मांडणं, हे त्या जागेचं मुख्य काम. तो प्रश्न त्यांच्या हातून सुटला नाही. १९४८ च्या नागरिकत्व कायद्याने त्यांतले लाखो लोक कोणत्याच देशाचे उरले नाहीत. १९६४ मध्ये शास्त्रीजी आणि सिरिमाओ बंदरनायके यांच्यात करार झाला, त्यात ५ लाख २५ हजार लोकांना भारताने आणि ३ लाख लोकांना सिलोनने स्वीकारायचं ठरलं. अणे तेव्हा लोकसभेत होते, विदर्भ राज्याची मागणी घेऊन अपक्ष निवडून आलेले. २६ जानेवारी १९६८ रोजी ते गेले. टिळकांवर त्यांनी लिहिलेल्या ‘श्रीतिलकयशोऽर्णव’ या संस्कृत महाकाव्याला १९७३ मध्ये, त्यांच्या पश्चात, साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला.

असा माणूस विसरला का जातो? मला वाटतं, आपली आठवण गटागटाने चालते. काँग्रेसच्या इतिहासाला त्यांचं १९४१ अडचणीचं वाटतं, सरकारी इतिहासाला १९४३. जो पूर्णपणे कुणाचाच नसतो, त्याची जयंती करायला कुणी पुढे येत नाही.

पदं काही दिल्लीतच असतात असं नाही. गावात ग्रामपंचायत आहे, सेवा सहकारी सोसायटी आहे, शाळा व्यवस्थापन समिती आहे, तंटामुक्ती समिती आहे. आपल्यापैकी बरेच जण कधी ना कधी यांपैकी एखाद्या खुर्चीवर बसतात. बसताना हेतू चांगलाच असतो. पुढे हेतू मागे पडतो, खुर्चीची सवय लागते, आणि समोर अन्याय दिसत असूनही आपण स्वतःला समजावतो की आत आहोत म्हणून निदान काही करता तरी येतं. ही समजूत कधी खरी असते, कधी खोटी. ती कधी खोटी झाली हे ओळखायचं असेल, तर पद स्वीकारण्याच्या दिवशीच मनाशी दोन गोष्टी ठरवून ठेवाव्यात: आपण इथे कोणाच्या कामासाठी आलो, आणि काय घडलं तर उठून जाऊ. पहिली गोष्ट ठरवणारे पुष्कळ भेटतात. दुसरी ठरवलेली असेल, तर पहिलीही खरी राहते.