उसने पैसे, दान आणि क्षमा



आजचं चिंतन गीतेच्या सतराव्या अध्यायातल्या विसाव्या श्लोकावर. द्यायला हवं म्हणून, परतीची अपेक्षा न ठेवता, योग्य स्थळी, योग्य वेळी, योग्य माणसाला दिलेलं ते सात्त्विक दान.

मग उसने दिलेले पैसे बुडाले, तर त्याचं दान होतं का?

धुळ्याच्या माझ्या मामांनी जळगावच्या एका मित्राला दुकानासाठी दोन लाख हातउसने दिले. पावणेतीन वर्षं झाली, मित्र आता फोनही घेत नाही. मामा म्हणतात, "जाऊ दे भाऊ, देव बघतोय. भक्तिमार्गातल्या माणसाने मित्रावर दावा लावायचा का?" मामी गप्प असते. त्यातले ऐंशी हजार तिच्या भिशीचे.

आपण लगेच तुकोबांचं उदाहरण देतो. घरच्या सावकारीची खतं त्यांनी इंद्रायणीत बुडवली. पण ती कथा पूर्ण आठवा. आधी वाटणी झाली. धाकटा भाऊ कान्होबा याला त्याच्या वाट्याची खतं दिली आणि तुकोबांनी बुडवली ती फक्त स्वतःची. दुसऱ्याच्या हक्काचं सोडून देणं हा त्याग नाही. शिवाय खतं हातात होती, वसुली शक्य होती, तरी सोडली. म्हणून ती क्षमा.

आपलं काय होतं? मुदत कायदा, १९६३ प्रमाणे हातउसन्या पैशांचा दावा साधारणपणे पैसे दिल्यापासून तीन वर्षांत लावावा लागतो. मुदत संपण्याआधी घेणाऱ्याने कर्ज मान्य असल्याचं सही करून लिहून दिलं, तर तिथून नवी मुदत मिळते. संकोचापायी ही तारीख उलटू द्यायची आणि नंतर "मी माफ केलं" म्हणायचं, ही क्षमा नाही. मनातली कटुता तशीच राहते.

कोर्टात जाणं म्हणजे सूड घेणंही नाही. हुकूमनामा झाला तरी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० प्रमाणे ऋणकोचे अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, कारागिराची हत्यारं जप्त होत नाहीत. नुसत्या गरिबीमुळे फेडू न शकणाऱ्याला तुरुंगात टाकता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये जॉली जॉर्ज वर्गीस खटल्यात सांगितलं. कायद्यातही दया आहे बघा.

मामांना मी एवढंच म्हटलं: आधी घरी जाऊन भेटा, लेखी मागा. नाही दिलं तर वकिलाची नोटीस, मग दावा. लोकअदालतीत तडजोडही होते. त्यानंतर तुमचे एक लाख वीस हजार खुशाल सोडा. मामीचे मात्र तिला विचारून.

आजचा संकल्प: कोणाला पैसे देताना मनाशी आधीच ठरवायचं, हे दान की उसने? उसने असतील तर लिहून घ्यायचं. आणि आपण कोणाचे घेतले असतील, तर आजच त्याला फोन करायचा.

राम कृष्ण हरी!